काटा आपल्या बाजूने झुकला तर

चि. भाऊ,

परवा तुझा फोन मी अर्ध्यातच ठेवला, राग मानू नकोस. अशा प्रश्नाला फोनवर उत्तर दिलं की ते उपदेशासारखं वाटतं. तू विचारलंस, "काका, राज्यसेवा पूर्व परीक्षेच्या पहिल्या उत्तरतालिकेत एक उत्तर चुकलंय आणि मी नेमका तोच गोल काळा केलाय. हरकत घेऊ की गप्प बसू?" अभ्यासिकेतली पोरं म्हणतात, गप्प बस.

आधी हिशेब करू. राज्यसेवा पूर्वचा पहिला पेपर १०० प्रश्नांचा, २०० गुणांचा. एका प्रश्नाला दोन गुण; चुकीच्या उत्तराला त्याचा पाव हिस्सा कापतात, म्हणजे अर्धा गुण. उत्तर बदललं तर तुझे दोन जातील आणि वर अर्धा कापला जाईल. ज्याने बरोबर लिहिलंय त्याचे अडीच वाढतील. तुम्हा दोघांतलं अंतर एका प्रश्नाने पाच गुणांनी फिरलं. जिथे अर्ध्या गुणावर कटऑफ लागतो, तिथे पाच गुण म्हणजे एखाद्याचं अख्खं वर्ष. तो कोण, तुला माहीत नाही. चोपड्याच्या किंवा साक्रीच्या एखाद्या अभ्यासिकेत तोही आत्ता तालिका उघडून बसला असेल.

हरकत घे.

आमचे वडील कापूस घालायला जायचे तेव्हा गाडी सोडण्याआधी काटा रिकामा शून्यावर आहे का ते बघायचे. व्यापारी कट्टी लावतोच, म्हणजे वजनातून थोडं कापतोच, निदान काटा तरी सरळ असावा. एका हंगामात काटा आमच्याच बाजूने झुकलेला निघाला. वडिलांनी मला डोळ्यांनी खुणावलं, बोलू नको. आम्ही चार पैसे जास्तीचे घेऊन घरी आलो, त्या रात्री शेवभाजी झाली. पुढच्या खेपेला काटा उलट्या बाजूने झुकला. वडील तोंड उघडणार एवढ्यात व्यापारी म्हणाला, "मागच्या वेळी नाही दिसला का हो?" वडील गप्प बसले. भांडायला तोंडच उरलं नव्हतं.

दुसरं कारण रोकडं आहे. तू गप्प बसलास तरी दुसरा कोणीतरी बोलणार, आणि चूक उशिरा सापडली की सगळ्यांचेच हाल. बिहारमध्ये कनिष्ठ अभियंत्यांची २००६ ची भरती होती. १०० पैकी ४१ आदर्श उत्तरं चुकीची असल्याचं तज्ज्ञांनी सांगितलं. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, निकाल लागला २०१३ मध्ये. न्यायालयाने सुधारित तालिकेने पेपर पुन्हा तपासायला सांगितले. एव्हाना नोकरीला लागलेल्यांना काढलं नाही, पण नव्या गुणांत जे बसणार नाहीत त्यांना यादीच्या तळाशी टाकलं. मला तो निकाल माणुसकीचा वाटतो. पण सात वर्षं! आणि आज बरोबर असूनही गप्प बसणाऱ्यालाही सांगतो, पुढे कोर्टात जाऊ या भरवशावर राहू नकोस. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच म्हटलंय की उत्तराबद्दल शंका असेल तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला मिळेल, उमेदवाराला नाही. खरी वेळ हरकतीच्या मुदतीचीच.

माझं स्वतःचं सांगतो. पहिल्या भरतीत माझं नाव यादीत होतं. गल्लीत पेढे वाटून झाले. अकराव्या दिवशी सुधारित यादी लागली, त्यात मी नव्हतो. कुणाच्या तरी गुणांची बेरीज चुकली होती, असं पुढे कानावर आलं. चूक दुरुस्त केली ते बरोबरच होतं. पण 'सुधारित' या एका शब्दापलीकडे नोटीस बोर्डावर काही नव्हतं, ते मला आजही खुपतं. काय सुधारलं, का सुधारलं, दोन ओळी लिहायला काय झालं होतं? तलाठी भरती २०२३ मध्ये २०० पैकी २१४ गुण दिसले तेव्हा पोरं उगाच नाही भडकली. अनेक सत्रांत परीक्षा घेतली की सोपे-अवघड पेपर एका पातळीवर आणायला सूत्र लावतात, त्यात गुण एकूण गुणांच्या वर जाऊ शकतात. पण पोराला स्वतःचा आकडा कागद-पेन घेऊन पडताळता आला नाही तर तो 'सेटिंग'च म्हणणार.

आता हरकत कशी लिहायची ते. तुझा प्रश्नपत्रिकेचा संच ए, बी, सी की डी, ते आधी बघ. दुसऱ्या संचाचा प्रश्न क्रमांक टाकून चांगल्या हरकती वाया घालवणारी पोरं मी पाहिलीत. अन्याय, मेहनत, आईबाप यातलं काही लिहू नकोस. समज, तापीच्या डाव्या तीरावरची उपनदी विचारलीय आणि पर्यायांत गिरणाही आहे, पांझराही. तर एवढंच लिही की दोन्ही डाव्या तीराच्याच आहेत, म्हणून दोन पर्याय बरोबर ठरतात. सोबत बालभारतीचं किंवा शासकीय प्रकाशनाचं पान जोड, आवृत्ती आणि पान क्रमांकासह. क्लासच्या नोट्स जोडू नकोस, त्यांना कोणी विचारत नाही.

आणि शेवटच्या रात्रीची वाट बघू नकोस. साइट अडकते, आणि आपल्याकडची लाइट तुला माहीतच आहे. पावतीची प्रिंट काढून फाइलला लाव. रविवारी ये, भरीत आणि कळण्याची भाकरी आहे. येताना तुझी कार्बन प्रत आण, बाकीचे नव्व्याण्णव प्रश्नही एकदा बघून घेऊ.

तुझा,
काका