18 जूनला झाशीच्या राणीच्या बलिदानाशिवाय इतिहासात आणखी काय घडलंय?

दोन मोठ्या गोष्टी घडल्यात, वॉटर्लूची लढाई आणि गोव्याची चळवळ. 18 जून 1815 ला वॉटर्लूला नेपोलियन हरला, आणि त्याला हरवणारा वेलिंग्टन म्हणजे तोच आर्थर वेलस्ली ज्याने 1803 मध्ये असईला दौलतराव शिंद्यांच्या फौजेला हरवलं होतं, त्यामुळे आम्हा ग्वाल्हेरवाल्यांना तरी हा माणूस माहीत हवाच. दुसरं, 18 जून 1946 ला राममनोहर लोहिया मडगावात बंदी मोडून सभेत बोलायला उभे राहिले नि पोर्तुगीज पोलिसांनी त्यांना धरलं. गोव्यात आजही हा क्रांतिदिन म्हणून पाळतात. मी इथे स्पर्धा परीक्षेच्या मुलांना इतिहास शिकवतो, हा प्रश्न दरवर्षी कोणीतरी विचारतंच. फक्त एक लक्षात ठेवा, राणीसाहेबांची तारीख काही ठिकाणी 17 जून दिलेली असते कारण ज्या लढाईत त्या पडल्या ती ग्वाल्हेरजवळची कोटा की सरायची लढाई 17 ला झाली, पण इथे फूलबागेत समाधीवर फुलं वाहायला गर्दी होते ती 18 लाच, त्यामुळे पेपरात पर्याय बघूनच लिहा.