नको ते विचार सारखे येतात, भीती वाढत चालली आहे. काय करू?

बाळाला घेऊन गॅलरीत गेलं की 'आपण याला खाली टाकलं तर?' असं मनात येतं आणि हातपाय गार पडतात, असं तुम्ही लिहिलंय. असा विचार येणं म्हणजे तशी इच्छा असणं नव्हे. बरेचदा ज्याच्यावर जीव असतो त्याच्याबद्दल हे येतात, म्हणून तर इतकं छळतात.

मला हे पुण्यातल्या लकडी पुलावर व्हायचं. शेजारच्याला ढकललं तर? मी दोन्ही हात ओढणीत घट्ट गुंडाळून चालायचे. पुढे तो पूलच टाळायला लागले. टाळलं की तेवढ्यापुरतं बरं वाटतं, भीती मात्र वाढते. थेरपिस्टने हळूहळू उलटं करायला लावलं: हात मोकळे, विचार आला तर येऊ दे, त्याच्याशी वाद नाही. पहिल्या दिवशी डेक्कनला पोचेपर्यंत कुर्ता घामाने भिजला होता, पण विचार आपोआप विरला. भीतीला न टाळता हळूहळू सामोरं जायच्या या उपचाराला ईआरपी (एक्सपोजर अँड रिस्पॉन्स प्रिव्हेन्शन) म्हणतात. ते एकट्याने सुरू करू नका.

ओसीडीत, म्हणजे असे नको ते विचार सारखे येऊन छळतात त्या आजारात, गोळ्यांचा गुण यायला बरेचदा ८ ते १२ आठवडे लागतात, मनाने बंद करू नका. पुण्यात ससून रुग्णालयात मानसोपचार ओपीडी आहे. तिथे विचार जसाच्या तसा सांगा, लाजू नका. रात्री असह्य झालं तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनला १४४१६ वर फोन करा, मोफत आहे.