जर्मन गाण्यातला ‘मोन्झून’ म्हणजे आपला पाऊस का?

प्रश्न असा आलाय की भाची पुण्यात जर्मन शिकते आणि दिवसभर टोकियो होटेलचं ‘डुर्ख डेन मोन्सून’ लावून बसते, तर मोन्सून म्हणजे जर्मनमध्ये पाऊस का, शब्द त्यांचा की आपला, आणि नावाचं मराठी करायचंच तर ‘पावसातून’ म्हणावं, ‘पावसाळ्यातून’ म्हणावं की ‘मोसमी वाऱ्यांतून’. प्रश्न तीन दिसतात पण एकमेकांत अडकलेत, त्यामुळे जसं सुचतंय तसं लिहितो.

आधी उच्चार, कारण त्याशिवाय मला पुढे जाववणार नाही. ‘डुर्ख’ नको. जर्मनमधल्या सी-एच या जोडीचा ख होतो तो आ, ओ, उ असल्या स्वरांच्या लगेच पाठीमागे, म्हणून संगीतकार बाख हा बाखच. पण इथे मध्ये र आलाय, आणि व्यंजनानंतर तोच सी-एच मऊ होतो, श आणि ह यांच्या मधला कुठलातरी आवाज, देवनागरीत ‘डुर्श’ लिहिलं की भागतं. आणि मोन्सूनमधला स पण स नाहीये, तिथे पुढे स्वर असल्यामुळे झ होतो, झाडातला झ बरं का, झेंड्यातला नाही. हा झ आपल्याकडे आयता आहे, तो वापरायचा. तर ‘डुर्श डेन मोन्झून’, आणि जोर ‘झून’वर.

गाणं माहीत नसलेल्यांसाठी थोडक्यात. टोकियो होटेल हा पूर्व जर्मनीतल्या मागडेबुर्गचा बँड, चार पोरं, त्यातले बिल आणि टोम काउलिट्झ हे जुळे भाऊ, बिल गातो, टोम गिटार वाजवतो, बाकी गेओर्ग बासवर आणि गुस्टाव्ह ड्रम्सवर. आधी यांचं नाव होतं ‘डेव्हिलिश’. बिलनं २००३ मध्ये टीव्हीवरच्या ‘स्टार सर्च’ स्पर्धेत भाग घेतला होता, तिथे तो ‘इट्स रेनिंग मेन’ गायला होता, म्हणजे पावसाशी नातं तेव्हापासूनच म्हणायचं. मग ऑगस्ट २००५ मध्ये ‘डुर्श डेन मोन्झून’ हे पहिलं सिंगल आलं आणि बघता बघता जर्मनी आणि ऑस्ट्रिया दोन्हीकडे एक नंबरला गेलं. तेव्हा बिल पंधरा वर्षांचा, सोळावं लागायला थोडे दिवस बाकी होते. अल्बम ‘श्राय’, म्हणजे किंचाळी किंवा ‘ओरड!’ अशी आज्ञा, दोन्ही अर्थ लागतात.

आता व्याकरण, भाचीला कामाला येईल. मोन्झून जर्मनमध्ये पुल्लिंगी, डेअर मोन्झून. डुर्श हे शब्दयोगी जर्मन पद्धतीप्रमाणे नामाच्या आधी येतं आणि त्याला कायम द्वितीया लागते, म्हणून डेअरचं डेन झालं. क्लासमध्ये डुर्श, फ्यूर, गेगेन, ओने, उम अशी माळ पाठ करून घेतात ना, त्यातलंच पहिलं. आपल्याकडे काय होतं बघा, ‘पाऊस’ला सरळ ‘तून’ चिकटत नाही, आधी त्याचं सामान्यरूप ‘पावसा’ होतं आणि मग पावसातून. म्हणजे त्रास दोन्हीकडे सारखाच, फक्त आपण नामाची मोडतोड करतो आणि ते नामाला हात न लावता त्याच्या पुढ्यातल्या डेअरला वाकवतात. आणखी एक, धृपदात ‘मला मोन्झूनमधून जायला पाहिजे’ असा अर्थ आहे पण त्यात ‘जाणे’ क्रियापद नाहीच, नुसतं ‘मला पाहिजे मोन्झूनमधून’. जर्मन लोक ‘मला घरी जायला हवं’ मधलं जाणं पण असंच गाळतात, दिशा कळली की झालं. हे चूक नाही, शुद्ध जर्मन आहे, तेव्हा भाचीनं परीक्षेत बिनधास्त लिहावं.

आणि डुर्श हा शब्दच मला भारी आवडतो. संस्कृतात ‘तिरस्’ म्हणजे आडवं, पलीकडे, आणि ‘तर्’ म्हणजे ओलांडणे, त्याच प्राचीन मुळातून जर्मनचा डुर्श आणि इंग्रजीचा थ्रू आलेत असं व्युत्पत्तिकोश सांगतात. म्हणजे आपले तरणे, तरून जाणे, तिरपा, तिरका हे सगळे डुर्शचे लांबचे नातेवाईक. हे लक्षात ठेवा, भाषांतराशी पोचलो की लागणार आहे.

आता मोन्झून. शब्द त्यांचाही नाही आणि तसा आपलाही नाही, मूळ अरबी ‘मौसिम’. त्याचा धातू व-स-म, खूण करणे, डाग देणे. उंट कुठल्या टोळीचा हे कळावं म्हणून त्याला जो डाग देतात तो ‘वस्म’. मौसिम म्हणजे खूण करून ठेवलेला, ठरलेला काळ, मग तो यात्रेचा असो, बाजाराचा असो की जहाजं हाकारायचा. पंधराव्या शतकातला अरबी दर्यावर्दी अहमद इब्न माजिद यानं कुठल्या बंदरातून कुठे कधी निघायचं हे लिहून ठेवलंय, तेच मौसिम. म्हणजे गंमत अशी की खलाशांच्या तोंडी या शब्दात पाऊस नव्हताच, ‘आता शीड सोडायला हरकत नाही’ हा अर्थ होता. भर पावसाळ्यात आपल्या किनाऱ्यावरची बंदरं तर बंदच असायची, आजही कोकणात नारळी पौर्णिमेपर्यंत होड्या वर ओढलेल्या असतात आणि मासेमारीबंदी १ जून ते ३१ जुलै अशी असते.

अरबांकडून हा शब्द पोर्तुगीजांनी उचलला आणि त्याचं ‘मोंसांव’ केलं. हे काही पुस्तकी उसनवारीनं झालं नाही, त्यांचं पोट त्यावर होतं. लिस्बनहून मार्च-एप्रिलात निघालेलं आरमार वारा धरून सप्टेंबरच्या आसपास गोव्याला लागायचं, आणि वेळ चुकली तर आफ्रिकेच्या किनाऱ्यावर हिवाळा काढत बसा. गोव्याच्या दफ्तरखान्यात लिस्बन-गोवा पत्रव्यवहाराचे जे जुने ग्रंथ आहेत त्यांचं नावच ‘मोंसांवची पुस्तकं’, कारण पत्रं दरवर्षी त्या मोसमाच्या जहाजांबरोबर जायची यायची. म्हणजे गोव्यातल्या कारकुनाला मोंसांव म्हटलं की डोळ्यासमोर टपाल येत असणार! पोर्तुगीजांकडून डच आणि इंग्रजांकडे, तिथून जर्मनमध्ये मोन्झून.

आणि तोच अरबी मौसिम दुसरीकडून, फारसीतून, खुष्कीच्या मार्गानं आपल्याकडे आला, त्याचा झाला ‘मोसम’. आंब्याचा मोसम, लग्नाचा मोसम. इथे अजून मूळ अर्थ शाबूत आहे, ठरलेला काळ, पावसाचा संबंध नाही. मग शाळेच्या भूगोलात त्यावरून ‘मोसमी वारे’ झाले, आणि पेपरात आणि रेडिओवर इंग्रजीकडून ‘मान्सून’ आला, तो समुद्रानं फिरून. म्हणजे मोसमी आणि मान्सून हे एकाच आजोबांची नातवंडं, आपण एका वाक्यात दोघांना बसवतो आणि पत्ताही नसतो. (मोसंबीला यात ओढू नका, तिचं नातं मोझांबिकशी सांगतात.)

बरं, जर्मन माणूस मोन्झून म्हणतो तेव्हा त्याला काय दिसतं? रोजचा पाऊस नक्कीच नाही. पावसाला त्यांच्याकडे ‘रेगेन’ आहे आणि रेगेनचा गोतावळा मोठा आहे. भुरभुर असली तर नीझलरेगेन, एकदम कोसळून गेला तर प्लाट्झरेगेन, सगळीकडे संथ धरून राहिला, आपण झड म्हणतो तसा, तर लांडरेगेन. ‘आज दोऱ्या पडतायत’ असं पण म्हणतात, आपण धारा म्हणतो. आणि वोल्केनब्रुख! वोल्के म्हणजे ढग, ब्रुख म्हणजे फुटणं, सरळ सरळ ढगफुटी. ब्रुखवरून आठवलं, वयात येताना मुलाचा आवाज फुटतो त्याला जर्मनमध्ये श्टिम्मब्रुख म्हणतात, श्टिम्म म्हणजे आवाज. दोन्ही भाषांत ढगही फुटतो आणि आवाजही फुटतो. आणि हे इथे उगाच नाही सांगत, बिलचा आवाज गाणं गाजल्यानंतर खरंच फुटला आणि त्यामुळे २००६ मध्ये ‘श्राय’ अल्बमची नवी आवृत्ती काढताना त्यातली काही गाणी नव्या आवाजात परत रेकॉर्ड करावी लागली. दोन्ही ऐकून बघा, फरक कानाला लगेच कळतो.

तर एवढे सगळे घरचे शब्द असताना गाण्यात मोन्झून का? कारण तो घरचा नाही. जर्मनमध्ये मोन्झून भूगोलाच्या पुस्तकात, भारत-बांगलादेशच्या पुराच्या बातमीत आणि प्रवासाच्या माहितीपत्रकात भेटतो. तो लांबचा, आवाक्याबाहेरचा, जगाच्या दुसऱ्या टोकाचा पाऊस आहे. त्यात ही पोरं मागडेबुर्गची, आणि मागडेबुर्ग हा जर्मनीतल्या सगळ्यात कोरड्या पट्ट्यांपैकी एक, कारण पश्चिमेकडून येणारे ढग हार्त्स डोंगर अडवतो आणि पलीकडे वर्षाला जेमतेम ५०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस राहतो. त्याला जर्मनमध्ये शब्द आहे रेगेनशाटेन, पावसाची सावली, अगदी आपली पर्जन्यछाया. महाबळेश्वर भिजतंय आणि पलीकडे माण-खटाव आभाळाकडे बघतंय, हा प्रकार. म्हणजे मोन्झूनवरचं जर्मन भाषेतलं सगळ्यात गाजलेलं गाणं त्यांच्या माण-खटावातून आलंय, याची मला फार मजा वाटते.

आता भाषांतर, आणि माझं मत इथे ठाम आहे. ‘मोसमी वाऱ्यांतून’ बाद, ते ऐकून समोर नकाशा आणि बाण येतात. ‘पावसाळ्यातून’ पण बाद, चार महिने असा काळाचा अर्थ होतो, आणि गाण्यातला माणूस जून ते सप्टेंबर चालत नाहीये. ‘पावसातून’ शब्दाला शब्द बरोबर आहे पण भाव उलटा पडतो. ‘येरे येरे पावसा’चा नेहमीचा दाखला मी देत नाही, पण मराठी गाण्यात माणूस पावसात जातो, भिजायला जातो, पाऊस भेटतो, परत येतो, आठवणी आणतो. इथे तसं नाही. इथे गाणाऱ्याला जिची ओढ आहे ती व्यक्ती पलीकडे आहे, मध्ये हे तुफान आहे, आणि त्याला जगाच्या मागे, काळाच्या टोकाला जायचंय, पाऊस पडायचा थांबेल तिथपर्यंत. हे शेवटचं मराठीत नुसतं उतरवलं तर भलताच घोळ, कारण पाऊस पडायचा थांबला म्हणजे दडी मारली, दुबार पेरणी, टँकर. त्याला हवी आहे ती उघडीप. झड लागून आठवडा झाला की कोकणातला माणूस ज्या सुरात ‘जरा उघडीप मिळू दे’ म्हणतो तो सूर या धृपदाचा आहे. शब्द आपल्याकडे आहे, फक्त गाण्यात कुणी वापरत नाही.

म्हणून नावाचं मराठी मला विचाराल तर ‘वादळ तरून’. मोन्झूनमधला पाऊस गेला, मान्य, पण अंगावर येणारं परकं संकट राहिलं, आणि ‘तरून’मध्ये डुर्शचं जुनं नातं पण आलं. पाऊस ठेवायचाच असेल तर ‘पावसापार’, जरा कवितेसारखं वाटतं पण पंधरा वर्षांच्या पोराच्या गाण्याला चालून जाईल. बँडनं स्वतः २००७ मध्ये इंग्रजी केलं तेव्हा नाव नुसतं ‘मॉन्सून’ ठेवलं, डुर्श गाळून टाकलं, मला ते पटलं नाही, नावातला सगळा जीव त्या डुर्शमध्ये आहे. नुसतं मॉन्सून म्हटलं की हवामान खात्याचा अंदाज.

राहिलं लेखन. मराठीत बोलताना मान्सून, मॉन्सून दोन्ही चालतात, मी मान्सून लिहितो कारण रुळलाय, लिंग पुल्लिंगच, मान्सून केरळात दाखल झाला, ‘झाली’ नाही. पण जर्मन गाण्याचं नाव लिहिताना मान्सून करू नका, तिथे मोन्झूनच ठेवा, आणि भाचीला सांगा की ‘डुर्श’ म्हणताना श जिभेच्या टोकानं नको, जीभ मधून उचलून हवा सोडायची, ‘ह्य’ म्हणतो तशी. दोन-चारदा म्हटलं की बसतो.