सहावा महिना, सतत रडणं आणि ‘गरोदरपणात गोळ्या नकोत’: धाकट्या जावेसाठी विचारलेल्या प्रश्नाला उत्तर

ताई, तुम्ही लिहिलंय ते असं: कळंब तालुक्यातलं गाव, धाकट्या जावेला सहावा महिना, पहिली मुलगी, नवरा चाकणला कंपनीत. दोन महिन्यांपासून तिचं जेवण तुटलंय, रात्र रात्र जागी असते, भाकरी थापता थापता डोळे भरून येतात. तपासणीला नेलं तेव्हा सिस्टरनी दहा प्रश्न विचारले, १७ गुण आले, मनोविकार तज्ज्ञांकडे पाठवलं आणि त्यांनी सर्ट्रालीन ही नैराश्यावरची गोळी सुरू केली. आठ दिवस झाले नाहीत तोच सासूबाई म्हणतात, पोटातल्या लेकराला बाधेल, गोळ्या बंद करा. त्या कागदावर किती भरवसा ठेवायचा आणि गोळी चालू ठेवायची का, हे तुम्हाला हवंय.

मी लातूरकडे आधी प्रसूती विभागात आणि नंतर मनोविकार बाह्यरुग्ण विभागात परिचारिका म्हणून काम केलंय, त्यामुळे दोन्हीकडची बाजू पाहिली आहे. गोळीचं आधी सांगते, कारण त्यात वाट पाहून चालत नाही. घरच्या घरी ठरवून गोळी बंद करू नका. शंका असेल तर ज्यांनी लिहून दिली त्यांना आजच फोन करा. आधीच बंद केली असेल तर किती दिवसांपासून, तेही खरं सांगा. ते रागावणार नाहीत, त्यांना पुढचं ठरवायला तेच लागतं.

आता तो कागद. तो एडिनबर्गचा तक्ता असणार. १९८७ साली स्कॉटलंडमध्ये बाळंतिणींसाठी तयार झाला, पुढे गरोदर बायकांसाठीही वापरात आला. दहा प्रश्न, गेल्या सात दिवसांबद्दल, प्रत्येकाला ० ते ३ गुण, एकूण ३०. साधारण १३ आणि त्यापुढे गुण आले की डॉक्टरांनी नीट तपासायला हवं असं धरतात. काही ठिकाणी १० लाच पुढे पाठवतात. म्हणजे १७ हे दुर्लक्ष करण्यासारखं नाही. पण एक लक्षात घ्या, हा तक्ता आजार आहे असं ठरवत नाही, ‘हिला पुढे बघा’ एवढंच सांगतो. निदान डॉक्टर बोलून, तपासून करतात, आणि तुमच्याकडे ती पायरी झालेली आहे. काही दवाखान्यांत नऊ प्रश्नांचा दुसरा कागद वापरतात. त्यात भूक, झोप, थकवा हे सरळ विचारलेलं असतं, आणि पोटुशा बाईचं तसंही हे तिन्ही बिघडलेलं असतं. म्हणून गुण फुगू शकतात. एडिनबर्गचा भर मनावर आहे: हसू येतं का, पुढच्या गोष्टीची ओढ वाटते का, कारण नसताना भीती वाटते का, उगाच स्वतःला दोष देता का.

कागदापेक्षा तो विचारला कसा, याला मी जास्त महत्त्व देते. आमच्याकडे बाई एकटी कधी येतच नाही. सासू नाहीतर नणंद टेबलाला टेकून उभी, आणि उत्तरही तीच देणार: “तिला काय झालंय, सगळं हाय की घरात.” मग आम्ही सासूबाईंना कार्डाची झेरॉक्स आणायला पाठवायचो, दार लोटायचो आणि पहिला प्रश्न परत विचारायचो. तेवढ्या वेळात त्याच बाईच्या तोंडून “काईच गोड लागंना ओ सिस्टर, नुसतं पडून राहावं वाटायलंय” असं निघायचं. दहावा प्रश्न जीवाचं बरंवाईट करण्याच्या विचारांचा. तो दुसऱ्या कुणासमोर विचारणं म्हणजे ‘नाही’ हेच उत्तर लिहून घेणं. तुमच्या जावेला तो एकटीला विचारला होता का, हे नक्की विचारून घ्या. विचारला नसेल तर तुम्ही विचारा. विचारल्यानं मनात नसलेला विचार येतो ही भीती खोटी आहे. उलट बहुतेक बायकांना कुणीतरी विचारलं याचाच आधार वाटतो.

तिचं उत्तर ‘हो’ असेल, किंवा कुणी बोलल्यासारखे आवाज येतात म्हणत असेल, रात्ररात्र अजिबातच डोळा लागत नाही, अन्नपाणी पार तोडलंय, घरच्यांवर भलताच संशय घेते, तर पुढच्या तारखेची वाट पाहायची नाही, त्याच दिवशी दवाखाना. तिला एकटं ठेवू नका. आणि ताई, कापूस-सोयाबीनच्या फवारणीचं औषध घरात पत्र्याखाली, माळ्यावर ठेवलेलं असतं, ते आजच घराबाहेर कुलपात टाका, किल्ली दुसऱ्याकडे द्या. आपल्या भागात हे मला सगळ्यात आधी सांगावंसं वाटतं. गावात आशाताई असेल तर तिलाही कल्पना द्या.

सासूबाईंच्या भीतीकडे येते. त्या वाईट नाहीत, त्यांना नातवंडाची काळजी आहे, म्हणून त्यांच्याशी त्याच भाषेत बोला. औषध न घेतलेलं नैराश्य हे बाळासाठी निरुपद्रवी नसतं. आई जेवत नाही, तपासणीला जात नाही, लोहाच्या गोळ्या तशाच पडून राहतात. दिवस भरायच्या आत बाळंत होणं, बाळ कमी वजनाचं होणं यांचा धोका वाढतो, आणि बाळंतपणानंतर तोच आजार बळावण्याची शक्यता बरीच असते. या पारड्यात गोळी ठेवून पाहायची. सर्ट्रालीन गरोदरपणात आणि अंगावर पाजतानाही डॉक्टर बऱ्याचदा पहिली निवड म्हणून देतात, कारण तिचा वापर खूप झालेला आहे आणि दुधात ती फार कमी उतरते. अजिबात धोका नाही असं कुठल्याच गोळीबद्दल म्हणता येत नाही. शेवटच्या महिन्यांत चालू असेल तर काही बाळं जन्मल्यावर थोडे दिवस किरकिरी, थरथरी असतात, अंगावर नीट ओढत नाहीत. बहुतेक वेळा ते आपोआप जातं. म्हणून बाळंतपण करणाऱ्या डॉक्टरांना आणि बाळाच्या डॉक्टरांना ही गोळी चालू आहे हे आधी सांगून ठेवायचं. याच गटातली पॅरोक्सेटीन मात्र सुरुवातीच्या महिन्यांत शक्यतो टाळतात. झटके आणि बायपोलर आजारासाठी (कधी अति उत्साह, कधी खोल उदासी) असलेलं व्हॅल्प्रोएट तर गर्भासाठी घातकच. म्हणजे सगळ्या ‘डोक्याच्या गोळ्या’ एका मापात मोजायच्या नाहीत, आणि मेडिकलवरून कुणी सुचवलेली झोपेची गोळी तर मुळीच द्यायची नाही.

सर्ट्रालीनचा गुण यायला दोन ते चार आठवडे लागतात. पहिल्या आठवड्यात मळमळ, डोकं जड, क्वचित अस्वस्थपणा वाढल्यासारखा वाटतो, आणि नेमकं तेव्हाच घरचे म्हणतात, बघा, गोळीनं आणखी बिघडलं. तुमच्याकडे बहुधा हेच झालंय. बरं वाटल्यावरही निदान सहा महिने चालू ठेवतात आणि मग हळूहळू कमी करतात. सुरू करण्याआधी डॉक्टरांनी विचारलं असेल, पण तुम्हीही आठवून सांगा: तिला पूर्वी कधी खूप बडबड, न झोपताही अंगात प्रचंड उत्साह, भलताच खर्च असं झालं होतं का, माहेरात कुणाला झालं होतं का. तसं असेल तर तो बायपोलर आजार असू शकतो, आणि औषध वेगळं लागतं.

हिमोग्लोबिन आणि थायरॉइड तपासलंय ना? गरोदरपणात ११ च्या खाली हिमोग्लोबिन म्हणजे रक्त कमी, आणि रक्तक्षय किंवा थायरॉइडची कमतरता असली तर थकवा आणि उदासी दोन्ही वाढतात. कार्डावर आकडा लिहिलेला असतो, बघून घ्या.

गोळीसोबत बोलणंही हवं. हलकं नैराश्य असेल तर नुसत्या समुपदेशनावर भागतं. त्याहून जास्त असेल तर मात्र बऱ्याचदा दोन्ही लागतं. हे समुपदेशन म्हणजे उपदेश नव्हे. पाकिस्तानातल्या रावळपिंडीजवळच्या खेड्यांत तिथल्या आरोग्यसेविकांनीच घरी जाऊन असं काम केलं, बायका सुधारल्या, आणि पुढे जागतिक आरोग्य संघटनेनं त्याची पुस्तिका काढली. रोज एक छोटी गोष्ट ठरवायची, संध्याकाळी अर्धा तास मोकळ्या रानात चालणं, आठवड्यातून दोनदा माहेरी फोन, आणि ‘मी नालायक आई आहे’ हा विचार आला की त्याला पुरावा मागायचा. हे तुम्ही घरीही करू शकता. अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालयात मनोविकार विभाग आहे, तुम्हाला बरं पडेल. धाराशिवच्या जिल्हा रुग्णालयात मानसिक आरोग्य कार्यक्रमाची चौकशी करा. रात्री-अपरात्री टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ नंबर लावा, फुकट आहे, मराठीत बोलतात.

एक गोष्ट तुमच्या पत्रात ओझरती आली आहे, पण मला ती सगळ्यात जड वाटते. “सगळे म्हणतात आता मुलगाच होणार.” ज्या बाईला पहिली मुलगी आहे तिच्यासमोर रोज हे म्हणणं म्हणजे सहा महिने परीक्षेला बसवून ठेवणं आहे. मुलगा की मुलगी हे वडिलांकडून येणाऱ्या गुणसूत्रावर ठरतं, तिच्या हातात काही नाही. हे बोलणं घरात थांबवायला तुम्ही थोरल्या जाऊबाई म्हणून सगळ्यात योग्य. दिरांनाही सांगा. चाकणहून पैसे पाठवतात तसा रोज रात्री पाच मिनिटं फोनही हवा, आणि एकदा तरी रजा काढून डॉक्टरांना भेटायला या म्हणावं. तिला मारहाण किंवा जाच होत असेल तर ते वेगळंच, १८१ वर महिलांसाठी मदत मिळते.

कुणी लिंबू उतरवायचं, कुठे नवस बोलायचं म्हणालं तर भांडू नका. ते केल्यानं गोळी सुटणार नाही एवढंच पाहा.

बाळंतपणाला ती माहेरी जाणार असेल तर गोळ्यांची चिठ्ठी, १७ गुणांचा कागद आणि डॉक्टरांचा फोन नंबर बॅगेत कार्डासोबत ठेवा, नाहीतर तिकडच्या डॉक्टरांना काहीच कळणार नाही. आणि बाळाच्या दीड महिन्याच्या लशीला जाल तेव्हा तिथल्या सिस्टरना सांगून तिला तेच दहा प्रश्न परत विचारायला लावा, एकटीला.