पणजोबांच्या बैनाम्यातले 840 रुपये हाली आज किती?

तुम्ही विचारलंय: "पणजोबांनी 1349 फसलीत परभणी जिल्ह्यात 14 एकर कोरडवाहू जमीन '840 रुपये सिक्का हाली' देऊन घेतली, असं जुन्या बैनाम्यात (खरेदीखतात) आहे. हे हाली म्हणजे काय आणि आजच्या पैशात ते किती होतात?"

शेवटचं आधी सांगतो. याला एक आकडा नाही. मी चार तऱ्हांनी हिशोब करून पाहिला, तर साडेतीन लाखांपासून वीस लाखांपर्यंत चार उत्तरं आली आणि चारही खरी आहेत. पण त्याआधी हा रुपया कुठला ते बघू, कारण बहुतेक जण तिथंच घसरतात. 840 म्हणजे 840 धरून पुढं जातात.

माझी ओळख एवढीच की आजोबा सेलूच्या मोंढ्यात (धान्यबाजारात) अडतीवर मुनीम होते आणि मी स्वतः तीस वर्षं बँकेत कॅशला बसलो. आजोबांच्या दोन वह्या माझ्याकडं आहेत. एक मोडीतली, तिच्यातली चार पानं वाळवीनं खाल्लीत. दुसरी बाळबोध. खाली जे जुने भाव देतोय ते त्या वहीतले आहेत. ते एका गावच्या एका मोंढ्याचे, साऱ्या निजाम राज्याचे नव्हेत, हे धरून चाला.

फसलीचं सोपं आहे. निजामाच्या राज्यात सरकारी कागद फसली सनात असायचे आणि वर्ष ऑक्टोबरात सुरू व्हायचं. फसलीत 590 मिळवले की ते वर्ष इसवीच्या कोणत्या सालात सुरू झालं ते कळतं. तुमचं 1349 म्हणजे ऑक्टोबर 1939 ते ऑक्टोबर 1940. हे साल नीट लक्षात ठेवा. युद्ध नुकतंच पेटलं होतं, पण भाव अजून भडकले नव्हते. हाच बैनामा पाच-सहा वर्षांनी झाला असता तर बाजारातले भाव दुपटीच्या पुढं गेलेले होते आणि माझा खालचा सगळा हिशोब चुकला असता.

आता हाली. हाली म्हणजे 'हल्लीचा', चालू. आपण 'हल्ली' म्हणतो तोच शब्द. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत निजामाच्या मुलखात ठिकठिकाणच्या टांकसाळींचे रुपये फिरत. औरंगाबादचा वेगळा, नारायणपेठेचा वेगळा, गद्वालचा वेगळा. गोविंदबक्षी नावाचाही एक रुपया होता. प्रत्येकाचं वजन वेगळं, कस वेगळा, आणि कोणता कितीला घ्यायचा हे ठरवणारा सराफ. पहिला सालारजंग 1853 साली दिवाण झाला. त्यानं ही बजबजपुरी आवरायला घेतली आणि सरकारी टांकसाळीचा एक रुपया चालू केला. तो हाली सिक्का. पुढं त्यावर चारमिनार आला. शेवटच्या निजामाच्या काळात कागदोपत्री त्याला 'सिक्का उस्मानिया' म्हणू लागले, लोकांच्या तोंडी मात्र हालीच राहिला. 1918 पासून हैदराबादनं स्वतःच्या नोटाही काढल्या. त्या काळात दुसऱ्या कुठल्याही संस्थानाला ती मुभा नव्हती.

हालीच्या शेजारी फिरत होता तो इंग्रजांचा कलदार. कल म्हणजे यंत्र. यंत्रावर पाडलेला, कडेला खाचा असलेला, म्हणून कलदार. दोघांचा भाव ठरलेला होता: 7 हाली म्हणजे 6 कलदार. तुमच्या कागदपत्रांत कुठं '116 रुपये 10 आणे 8 पै' असा विचित्र आकडा दिसला तर दचकू नका, 100 कलदारांचे तेवढे हाली होत.

हा सातास सहाचा भाव कुणाच्या मर्जीनं आला नाही, तो नाण्यातच होता. कलदार 11.66 ग्रॅमचा, त्यात 10.69 ग्रॅम शुद्ध चांदी. हाली 11.18 ग्रॅमचा, पण कस कमी, चांदी 9.14 ग्रॅम. भागून बघा, जवळजवळ सहा भागिले सातच येतं. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा उगाचच आनंद झाला होता. आजोबा 'हालीला बट्टा लागतो' म्हणायचे आणि मी तो निजामावरचा राग समजायचो. तो राग नव्हता, वजन होतं. आपण 'घराण्याच्या नावाला बट्टा लागला' म्हणतो तो बट्टाही हाच. हिणकस किंवा परक्या नाण्यामागं सराफ जी कपात करायचा ती.

कपातीचा चटका बसायचा तो सरहद्दीवर. बार्शी इंग्रजी मुलखात होती, उस्मानाबादकडचा शेतकरी माल घेऊन तिथं गेला की पैसे कलदारात मिळत. शेतसारा भरायचा तो हालीत. जाता-येता मोडामोड, आणि प्रत्येक मोडीला सराफाचे दोन-चार आणे. आजोबांच्या वहीत 'मोड' नावाचं वेगळं खातंच आहे.

म्हणजे तुमचे 840 हाली म्हणजे 720 कलदार. पहिली पायरी झाली.

हा रुपया पुढं कुठं गेला? सप्टेंबर 1948 मध्ये पोलीस कारवाई झाली, संस्थान विलीन झालं, पण चलन एका दिवसात बदलत नसतं. 1950 पासून भारतीय रुपया हालीच्या जोडीनं चालू लागला, भाव तोच, सातास सहा. लवकरच नवे हाली निघणं थांबलं आणि 1959 मध्ये ते चलनातून पुरतेच बाद झाले. मधल्या काळात काय गंमत झाली ते आजी सांगायची. दुकानदारानं सात आणे हालीची वस्तू सहा आणे कलदारला द्यायला हवी होती. काही जण 'सात तर सात' म्हणून सात आणे कलदारच मागायचे. आकडा तोच, म्हणून अडाणी माणसाला भाव वाढल्याचं कळायचंही नाही. त्यावर 1957 च्या एप्रिलपासून दशमान पद्धत आली. आण्याचे सव्वासहा नये पैसे, पण सुटा आणा मोडला तर हातात सहाच. सोळा आणे एकेक करून मोडले की रुपयाचे 96 पैसे! आजी म्हणायची, "चार पैसे सरकारनं खाल्ले." सरकारनं खाल्ले नव्हते, पण तिच्या पदरातून गेले हे खरं.

आजीकडं उतरंडीच्या तळच्या मडक्यात हाली होते. काही चांदीचे रुपये आणि थोड्या नोटा. बदलून घ्यायची मुदत कळेपर्यंत निघून गेली. नोटा तिनं पोथीत ठेवल्या, त्या अजून आहेत, कागद म्हणून. रुपये मात्र सराफाला दिले आणि आत्याच्या बाळंतपणात वाळे-कमरपट्टा झाला. घरात एकाच मडक्यात ठेवलेला पैसा, अर्धा मेला आणि अर्धा जगला. तुमच्याही घरी कुणी हाली नोट दाखवून 'बँकेत बदलून मिळेल का' विचारत असेल तर नाही मिळणार. चांदीचं नाणं असेल तर चांदीचा भाव नक्की येतो, हौशी गिऱ्हाईक भेटला तर चार पैसे वर.

जाता जाता. नाण्यातल्या धातूपेक्षा त्यावरचा आकडा मोठा ठेवायचा, हा प्रयोग आमच्या दौलताबादनं सहाशे वर्षं आधी बघितला होता. मुहम्मद तुघलकानं 1327 च्या सुमारास राजधानी तिथं हलवली आणि दोन-तीन वर्षांत तांब्या-पितळेची नाणी काढून ती चांदीच्या टंक्याच्या भावानं घ्या म्हणाला. कल्पना मूर्खपणाची नव्हती. आज खिशात आहे तो सगळा पैसा याच कल्पनेवर चालतो. पण नाणं खोटं पाडता येऊ नये याचा बंदोबस्त केला नाही. घरोघरी टांकसाळी निघाल्या आणि शेवटी त्यालाच खजिन्यातली चांदी देऊन ती नाणी परत घ्यावी लागली. 'तुघलकी कारभार' म्हणून आपण हसतो, मला मात्र तो माणूस घाईत होता एवढंच वाटतं.

असो. 840 रुपयांकडं येऊ.

सगळ्यात सरळ माप चांदीचं, कारण रुपया चांदीचाच होता. 840 हालींत सुमारे 7 किलो 680 ग्रॅम शुद्ध चांदी. किलोला एक लाख धरला तर पावणेआठ लाख. चांदीचा भाव हल्ली रोज नाचतो, तुम्ही वाचाल त्या दिवशीचा घाला.

सोनं. 1940 च्या सुमारास तोळा चाळीस-बेचाळीस कलदारांना होता. 720 कलदारांत सतरा तोळे. इथं एक मेख आहे: तो तोळा 11.66 ग्रॅमचा, म्हणजे बरोबर एका कलदार रुपयाच्या वजनाचा. आजचा सराफ 10 ग्रॅमला तोळा म्हणतो. तेव्हा सतरा तोळे म्हणजे साधारण 200 ग्रॅम. दहा ग्रॅमला एक लाख धरले तरी वीस लाख.

मजुरी. वहीत खुरपणीला, कापणीला पुरुषाची रोजंदारी चार आणे हाली आहे, बाईची त्याहून कमी. चार आण्यांनी 840 रुपये म्हणजे 3,360 दिवसांचं काम. एका गड्यानं सणवार न धरता नऊ वर्षं राबायचं. आमच्या गावात आज पुरुषाला रोज 400 रुपये द्यावे लागतात, त्या हिशोबानं 13 लाख 44 हजार.

आणि ज्वारी. वहीत पल्ल्याला 8 रुपये हाली. आमच्याकडं पल्ला म्हणजे 120 पक्के शेर, सुमारे 112 किलो. 840 रुपयांत 105 पल्ले, म्हणजे 117 क्विंटलच्या वर. आज मोंढ्यात क्विंटलला तीन हजार मिळाले तर साडेतीन लाख.

सोनं वीस लाख, ज्वारी साडेतीन लाख. सुरुवात एकाच रकमेपासून. मी या दोन आकड्यांकडं बराच वेळ बघत बसलो होतो. ज्वारी मागं पडली त्याला कारणं आहेत. 1964 साली सीएसएच-1 हा संकरित वाण आला आणि एकरी उतारा वाढत गेला. रेशनवर गहू-तांदूळ आला, ताटातली भाकरी कमी झाली. शहरात आता भाकरी हौसेनं खातात तो भाग वेगळा. पण शेतकऱ्याच्या बाजूनं बघाल तर गोष्ट कडू आहे. पणजोबांनी 105 पल्ले ज्वारी विकली असती तर 840 रुपये आले असते आणि त्यांचं सतरा तोळे सोनं झालं असतं. वर धरलेल्या भावांनी आज तेवढीच ज्वारी विकून तुम्हाला साडेतीन तोळे मिळतील, तेही आजच्या हलक्या तोळ्यानं.

जमिनीचं तर विचारूच नका. ती जमीन एकरी दहा लाखांनी धरली तरी 1 कोटी 40 लाख. वरच्या चारांतलं एकही माप तिथवर पोचत नाही. म्हणून 'जमीन 840 रुपयांत फुकट मिळाली' असं कुणी म्हणालं तर त्याला सांगा, ती नऊ वर्षांच्या घामाच्या भावानं मिळाली होती. एवढे रोख पैसे हातात असलेला माणूस तेव्हाच्या गावात हाताच्या बोटांवर मोजण्याइतका.

तुम्ही कशासाठी विचारताय त्यावर कोणतं माप घ्यायचं ते ठरेल. घरच्यांना सांगायला हवं असेल तर मजुरीचं घ्या, ते सगळ्यांना कळतं. पणजोबांनी जमिनीऐवजी दागिने केले असते तर काय झालं असतं, असा प्रश्न असेल तर सोन्याचं. नेटवर वर्ष टाकलं की आजची किंमत सांगणारी साधनं असतात, त्यांना हाली-कलदार कळत नाही, तेव्हा तिथं टाकायचेच तर 720 टाका.

आणि एक गोष्ट तपासा. त्या काळचे पुष्कळ बैनामे रोख खरेदीचे नसत. आधीचं कर्ज, त्यावरचं व्याज, ते फिटेना म्हणून त्यापोटी जमीन लिहून द्यायची, आणि कागदावर येणारा आकडा हा त्या थकबाकीचा. तसं असेल तर 840 ही जमिनीची किंमत नव्हेच, ती व्याजाची बेरीज आहे, आणि वरचा सगळा हिशोब वेगळ्या अर्थानं वाचावा लागेल. रकमेच्या आसपास 'नकद' शब्द आहे का 'बाबत कर्जा' असं काही आहे, ते उर्दू वाचणाऱ्या एखाद्या जुन्या माणसाकडून बघून घ्या. नाव-गाव झाकून त्या दोन ओळींचा फोटो इथं टाकलात तर मीही प्रयत्न करतो. उर्दू मला अडखळत येतं, पण आकडे वाचता येतात.