नर टाचणी बसली, की बसला?

अझोर्स बेटांवरच्या 'इश्नुरा हस्ताटा' या कीटकावर लेख लिहिणाऱ्या एकांनी विचारलंय: याला 'चतुर' म्हणावं की 'टाचणी'? आणि 'तळ्याकाठी नर टाचणी बसला होता' हे वाक्य बरोबर आहे का?

नाव 'टाचणी'च ठेवा. सैलपणे दोघांनाही चतुर म्हटलं जातं, पण निसर्ग-अभ्यासकांनी मराठीत हे दोन शब्द वेगळे राखले आहेत आणि तो भेद जपण्यासारखा आहे. चतुर दणकट, बसतानाही पंख पसरलेले. टाचणी काडीसारखी बारीक. बसली की बहुधा पंख पाठीवर मिटून घेते, आणि तिचे डोळे एकमेकांपासून दूर असतात. 'टाचणे' या क्रियापदावरून आलेली कागदाची टाचणी डोळ्यांपुढे आणा, नाव का पडलं ते कळेल. 'इश्नुरा'चा अर्थही ग्रीकमध्ये 'बारीक शेपटीची' असाच आहे!

आता वाक्य. मराठीत क्रियापद नामाच्या व्याकरणातल्या लिंगामागे जातं, प्राण्याच्या लिंगामागे नाही. मुंगी, माशी, घार नेहमी 'ती'; डास, कोळी, सरडा नेहमी 'तो'. म्हणून 'नर टाचणी बसली होती'. हे कानाला खटकतं, मान्य. तेव्हा 'टाचणीचा नर बसला होता' असं लिहावं. इथे कर्ता 'नर' असल्यामुळे क्रियापद आपोआप पुल्लिंगी होतं. 'डासाची मादी चावते' हीसुद्धा तीच रचना, आणि मला ती 'मादी डास चावतो'पेक्षा कितीतरी स्वच्छ वाटते.

पण तुमच्या वाक्यात व्याकरणापेक्षा मोठी अडचण आहे. अमेरिकेत या जातीचे नर आणि माद्या दोन्ही आढळतात. अटलांटिकमधल्या या पोर्तुगीज बेटांवर मात्र फक्त माद्याच आहेत. त्या नराशिवाय अंडी घालतात आणि त्यांतून पुन्हा माद्याच निपजतात. याला मराठीत 'अनिषेकजनन' असा नेमका शब्द आहे. चतुर-टाचण्यांच्या सगळ्या गणात निसर्गात असं घडल्याचं दुसरं उदाहरण ठाऊक नाही.

तेव्हा अझोर्सच्या तळ्याकाठी 'नर' बसवू नका. 'तळ्याकाठी टाचणी बसली होती' एवढंच लिहा. 'मादी' हा शब्दही तिथे लागणार नाही.