क्षेपणास्त्र, अग्निबाण, रॉकेट : कुठे काय म्हणावे?

प्रश्न असा आला आहे : बातम्यांमध्ये 'क्षेपणास्त्र', 'प्रक्षेपास्त्र', 'अग्निबाण', 'रॉकेट', 'मिसाइल' हे शब्द एकमेकांच्या जागी सर्रास वापरलेले दिसतात. त्यांत खरोखर काही फरक आहे का? आणि ही अस्त्रे आकाशातच पाडणाऱ्या व्यवस्थेला 'हवाई सुरक्षा प्रणाली' म्हणायचे की 'हवाई संरक्षण यंत्रणा'?

फरक आहे, आणि तो पाळला तर बातमी जास्त नेमकी कळते. रॉकेटांचा मारा झाला की क्षेपणास्त्रांचा, यावरून मारा करणाऱ्याची ताकद कळते आणि अडवणाऱ्यापुढचे आव्हानही कळते. ही दोन्ही एकाच वाक्यात एकमेकांसाठी वापरली की वाचकाच्या हाती फक्त 'काहीतरी येऊन पडले' एवढेच राहते.

आधी 'क्षेपणास्त्र'च घेऊ. क्षेपण अधिक अस्त्र. 'क्षिप्' म्हणजे फेकणे. हा धातू मराठीत इतका मुरला आहे की आपल्याला तो जाणवतही नाही : आक्षेप, हस्तक्षेप, संक्षेप, अधिक्षेप, विक्षिप्त, जुन्या ग्रंथात मागाहून घुसवलेला तो प्रक्षिप्त श्लोक. सगळीकडे मुळात फेकणेच आहे, उपसर्गाने नेम बदलला एवढेच. 'अस्त्र'सुद्धा संस्कृतातल्या 'अस्' म्हणजे फेकणे, सोडणे याच अर्थाच्या धातूवरून आलेले. हातात धरून चालवायचे ते शस्त्र आणि सोडून मारायचे ते अस्त्र, हा भेद आपल्याकडे पक्का होता. 'शस्त्रास्त्रे' हा जोडशब्द त्या दोन्ही प्रकारांना एकत्र बांधतो. म्हणजे 'क्षेपणास्त्र' या शब्दात फेकणे दोनदा आले. गंमत म्हणजे इंग्रजीतला 'मिसाइल'ही लॅटिनमधल्या 'फेकता येण्याजोगे' अशा अर्थाच्या शब्दावरून आला आहे. मूळ अर्थाने पाहिले तर गोफणीतून सुटलेला दगडही क्षेपणास्त्रच, पण शब्द मूळ अर्थावर थांबत नाहीत. आजच्या मराठीत क्षेपणास्त्र म्हणजे सुटल्यानंतरही ज्याची दिशा बदलता येते ते अस्त्र.

'प्रक्षेपास्त्र' हा हिंदीतला शब्द. तो चुकीचा नाही, पण मराठीत त्याची गरज नाही. काही ठिकाणी 'प्रक्षेपणास्त्र' असाही संकर वाचायला मिळतो. मराठीत 'प्रक्षेपण' उपग्रहाचे होते, क्रिकेट सामन्याचे थेट होते आणि क्षेपणास्त्राचेही होते. क्रियेला प्रक्षेपण आणि वस्तूला क्षेपणास्त्र असे ठेवले की घोळ होत नाही.

लिहितानाची एक चूक इतकी पसरली आहे की ती इथेच सांगून टाकतो. 'क्षेपणास्र' असे लिहू नये, 'त' हवाच. 'अस्र' हा संस्कृतात वेगळा शब्द आहे आणि त्याचा अर्थ रक्त किंवा अश्रू. उलट 'सहस्र' आणि 'स्रोत' यांत 'त' नाही, तिथे तो हमखास घुसवला जातो.

आता रॉकेट. रॉकेट हे खरे तर ढकलण्याचे साधन : मागून वायूचा झोत सोडायचा आणि त्याच्या प्रतिक्रियेने पुढे जायचे. त्यावर उपग्रह बसवला तर ते प्रक्षेपक यान, स्फोटके बसवली तर ते युद्धातले रॉकेट, आणि त्याला दिशा धरून ठेवणारी, वाटेत दुरुस्त करणारी योजना जोडली तर क्षेपणास्त्र. क्षेपणास्त्राला रॉकेट इंजिन असलेच पाहिजे असे नाही. ब्रह्मोसला रॉकेटचा रेटा फक्त सुरुवातीला मिळतो. पुढचा प्रवास हवेतला ऑक्सिजन घेणाऱ्या रॅमजेट इंजिनावर, आवाजाच्या जवळजवळ पावणेतीन पट वेगाने होतो. (हे नाव ब्रह्मपुत्रा आणि मॉस्क्वा या दोन नद्यांवरून पडले. त्यामुळे 'ब्राह्मोस' नव्हे, 'ब्रह्मोस'.)

हा फरक एका जागी पाहायचा असेल तर भारतीय लष्कराची रॉकेटे सोडणारी पिनाका पाहावी. पुण्यात पाषाणला असलेल्या 'एआरडीई' या संरक्षण संशोधन संस्थेत ती विकसित झाली. एका वाहनावर १२ नळ्या, एका तुकडीत अशी ६ वाहने, आणि ४४ सेकंदांत सगळी ७२ रॉकेट सुटतात. १९९९ मध्ये कारगिलच्या युद्धात ती वापरली गेली. त्या रॉकेटांना सुटल्यावर कोणी वळवू शकत नव्हते. नळीचा कोन, वारा आणि अंतर यांचे गणित आधी मांडायचे आणि एका बिंदूऐवजी सबंध पट्ट्यावर मारा करायचा, ही त्यांची रीत. पुढे त्यांना दिशा-नियंत्रणाचा संच आणि हलणारे पंख जोडले, तेव्हा पल्ला वाढला आणि नेमही बारीक झाला. या नव्या पिनाकाला रॉकेट म्हणायचे की क्षेपणास्त्र? सैन्यात तिला 'गायडेड रॉकेट' म्हणतात. मी मराठीत 'नियंत्रित रॉकेट' म्हणेन. 'मार्गदर्शित' मला रुचत नाही. मार्गदर्शन शिक्षक करतात, त्यात ऐकणाऱ्याला न ऐकण्याची मुभा असते. आणि 'नियंत्रित क्षेपणास्त्र' म्हणण्याचीही गरज नाही, नियंत्रण त्या शब्दात आता अंगभूत आहे.

'अग्निबाण' हा माझ्या विशेष जिव्हाळ्याचा शब्द. अठराव्या शतकात मराठ्यांच्या आणि म्हैसूरच्या फौजांत युद्धातल्या रॉकेटला सरळ 'बाण' म्हणत. लोखंडी नळीत दारू ठासायची आणि नळी लांब बांबूला बांधायची. १० सप्टेंबर १७८० रोजी कांचीपुरमजवळच्या पोल्लिलूरला हैदर आणि टिपूच्या सैन्याने ईस्ट इंडिया कंपनीच्या कर्नल बेलीच्या फौजेचा धुव्वा उडवला, त्यात या बाणांचा वाटा मोठा होता. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यावर तिथे सापडलेले बाण इंग्लंडला गेले आणि त्यांच्या अभ्यासातून विल्यम काँग्रीव्ह या इंग्रजाची रॉकेटे तयार झाली. दिवाळीत बाटलीत उभा करून उडवतात तो बाण त्याच कुळातला. तेव्हा रॉकेटला 'अग्निबाण' म्हणणे हे नव्याने जुळवलेले भाषांतर नाही, तो आपल्या वापरातलाच शब्द आहे. मात्र तो रॉकेटपुरता ठेवावा, क्षेपणास्त्राला लावू नये. अवकाशविज्ञानात तो शोभतो. चेन्नईच्या अग्निकुल कंपनीने आपल्या रॉकेटचे नाव 'अग्निबाण'च ठेवले आणि मे २०२४ मध्ये श्रीहरिकोट्याहून त्याचे चाचणी-उड्डाणही केले.

बॅलिस्टिक आणि क्रूझ हे शब्द मराठीत तसेच राहू द्यावेत, पण अर्थ माहीत हवा. बॅलिस्टिक क्षेपणास्त्राला सुरुवातीला जोर मिळतो, मग इंजिन बंद होते आणि उरलेला बहुतेक मार्ग ते गुरुत्वाकर्षणाच्या हवाली असते. क्रूझ क्षेपणास्त्राचे इंजिन शेवटपर्यंत चालू असते, ते वातावरणातच, बऱ्याचदा जमिनीलगत उडते. १९४४ मध्ये लंडनने दोन्ही प्रकारांचे पूर्वज भोगले. जूनपासून येणाऱ्या जर्मनीच्या व्ही-१ ची (ही क्रूझची पूर्वज) घरघर ऐकू यायची, लढाऊ विमाने पाठलाग करून ती पाडू शकत. सप्टेंबरपासून आलेली व्ही-२ (ही बॅलिस्टिकची) आवाजापेक्षा वेगवान होती, आधी स्फोट व्हायचा आणि येण्याचा आवाज मागून पोचायचा. तिला वाटेत अडवण्याचा काही उपाय तेव्हा कोणाकडेच नव्हता. आजच्या हवाई संरक्षणाचा सगळा खटाटोप तिथून सुरू होतो.

आता प्रश्नाचा दुसरा भाग. 'सुरक्षा' आणि 'संरक्षण' मराठीत सारखे नाहीत. विमानतळावर सामान तपासतात ती सुरक्षा. शत्रूचा हल्ला अंगावर घेऊन परतवायचा ते संरक्षण. आपण 'संरक्षण मंत्री' म्हणतो, हिंदीत 'रक्षा मंत्री' म्हणतात. त्यांच्या 'वायु रक्षा'चे मराठी म्हणून 'हवाई संरक्षण' हेच बरोबर. भारतीय लष्कराच्या हवाई संरक्षण दलाचे ब्रीदवाक्य 'आकाशे शत्रून् जहि' असे आहे : शत्रूला आकाशातच मार. असल्या कामाला 'सुरक्षा' हा शब्द फार मवाळ पडतो.

आणि 'प्रणाली'ऐवजी 'यंत्रणा'. प्रणाली म्हणजे पद्धत, रीत. यंत्रणा म्हणजे यंत्रे, माणसे आणि त्यांना जोडणारे हुकूम यांची मिळून उभी राहिलेली व्यवस्था. म्हणून तर 'सरकारी यंत्रणा', 'मदत यंत्रणा' असे आपण म्हणतो. हवाई संरक्षण अगदी असेच असते. भारताची 'आकाश' ही यंत्रणा म्हणजे एकटे क्षेपणास्त्र नव्हे. 'राजेंद्र' नावाचे रडार आकाशातल्या अनेक लक्ष्यांचा माग ठेवते, नियंत्रण कक्षात कोणाला आधी टिपायचे ते ठरते, आणि सुटलेल्या क्षेपणास्त्राला हे रडार शेवटपर्यंत सूचना देत राहते. हिंदीत आणि बंगालीत 'यंत्रणा' म्हणजे यातना, त्यामुळे त्या भाषांना हा शब्द वापरता येत नाही. आपल्याला येतो, तर का सोडावा?

अग्निपुराणातल्या धनुर्वेदात आयुधांची वर्गवारी आहे : यंत्रमुक्त, पाणिमुक्त, मुक्तसंधारित, अमुक्त. यंत्राने सोडलेले, हाताने सोडलेले, सोडून पुन्हा आवरून घेतलेले आणि हातातून न सोडलेले. त्यातले तिसरे नाव वाचताना मला नेहमी 'आकाश' आठवते. ते सुटलेले असते, पण रडारच्या लगामात असते. जुन्या व्याख्येत आयुध परत हाती येणे अपेक्षित आहे आणि हे परत येत नाही, त्यामुळे हा शब्द आज वापरा असे मी म्हणणार नाही. पण सोडल्यावरही ताबा ठेवण्याची कल्पना आपल्या भाषेला परकी नव्हती, हे मला मोलाचे वाटते. रशियाकडून घेतलेल्या एस-४०० या हवाई संरक्षण यंत्रणेला भारतात 'सुदर्शन' हे नाव मिळाले, तेही अशाच परतून येणाऱ्या आयुधाचे.

नावांचा विषय निघालाच आहे, तर इस्रायलचे उदाहरण पाहण्यासारखे आहे. 'आयर्न डोम' म्हणजे लोखंडी घुमट हे आता सर्वांना माहीत असते, आणि त्यामुळे तिथे पाडलेली प्रत्येक गोष्ट आयर्न डोमच्या नावावर जमा होते. प्रत्यक्षात तिथे थर आहेत. आयर्न डोम २०११ पासून मुख्यतः जवळच्या पल्ल्याच्या रॉकेटांसाठी आहे. येणारे रॉकेट कुठे पडणार याचा हिशेब करून वस्तीवर पडणारेच ते अडवते, मोकळ्या रानात जाणारे सोडून देते. त्यावरच्या थराचे नाव 'डेव्हिड्स स्लिंग', म्हणजे दाविदाची गोफण. मराठी बायबल वाचणाऱ्याला दावीद आणि गल्याथाची कथा लगेच आठवेल. बॅलिस्टिक क्षेपणास्त्रांसाठी 'ॲरो' आहे, हिब्रूत 'हेत्झ', म्हणजे बाण. १ ऑक्टोबर २०२४ ला इराणने बॅलिस्टिक क्षेपणास्त्रांचा मोठा मारा केला, तो अडवण्याचा मुख्य भार 'ॲरो'वर होता, आयर्न डोमवर नव्हे. बाणाने बाण तोडल्याची वर्णने ऐकत वाढलेल्या मराठी माणसाला ही नावे समजावून सांगावी लागत नाहीत.

पाडण्याच्या क्रियेसाठी 'भेदले' हा शब्द फार दिसतो, तो टाळावा. भेदणे म्हणजे आरपार फोडणे. जमिनीखालच्या खंदकासाठी 'बंकरभेदी' ठीक, रणगाड्याच्या जाड पत्र्यासाठी 'चिलखतभेदी' ठीक. आयर्न डोमचे तामिर क्षेपणास्त्र लक्ष्याच्या जवळ जाऊन फुटते आणि त्याच्या तुकड्यांनी लक्ष्य नष्ट होते. अमेरिकेच्या पॅट्रियट यंत्रणेचे पॅक-३ क्षेपणास्त्र थेट जाऊन आदळते. दोन्हींना पुरेल असा आपला शब्द 'वेध' हा आहे. वेध घेणे म्हणजे नेमके टिपणे, आणि वेध घेणे म्हणजे नजर ठेवून गती हेरणेही, म्हणून तर कुलाब्याची वेधशाळा. रडारने माग काढणे आणि क्षेपणास्त्राने गाठणे ही दोन्ही कामे या एका शब्दात मावतात. 'विमानवेधी तोफ' हा शब्द आपल्याकडे रूढ आहेच, त्याच चालीवर 'क्षेपणास्त्रवेधी' निःसंकोच वापरावा. साध्या बातमीत 'हवेतच पाडले' इतकेही पुरते. फक्त ड्रोनचा संदेश तोडून त्याला भरकटवले असेल तर 'पाडले' नव्हे, 'निकामी केले' म्हणावे.

'पल्ला' आणि 'टप्पा' यांतही थोडी काळजी हवी. पल्ला क्षेपणास्त्राचा असतो : अग्नी-५ चा पल्ला ५००० किलोमीटरांहून अधिक आहे. टप्प्यात येते ते लक्ष्य. 'शहर क्षेपणास्त्राच्या पल्ल्यात आले' असे लिहिलेले कळते, पण 'माऱ्याच्या टप्प्यात आले' हे अस्सल. शिवाय सुटे नाव 'अग्नी' दीर्घ आणि समासात 'अग्निबाण' ऱ्हस्व, हा आपला नेहमीचा नियम इथेही चालतो.

राहता राहिला 'डागणे'. तापवलेल्या लोखंडाचा चटका देणे म्हणजे डागणे, त्याचीच 'डागणी'. तोफेच्या कान्यावर, म्हणजे दारू पेटवण्याच्या भोकावर, पेटती बत्ती टेकवली की ती उडायची, म्हणून तोफ डागायची. क्षेपणास्त्राला ना काना आहे ना बत्ती, पण 'क्षेपणास्त्र डागले' हे पूर्ण रुळलेले आहे आणि ते तसेच राहावे, कारण त्यात हल्ल्याचा हेतू येतो. म्हणूनच चाचणीच्या बातमीत ते खटकते. ओडिशातल्या चांदीपूरला समुद्रावर चाचणी झाली तर 'क्षेपणास्त्राची चाचणी घेतली', कोणावर हल्ला झाला तर 'डागले'. ड्रोनसाठी 'सोडले' पुरे.